टाळेबंदीचे पहिले दिवस : वहीतली दोन कोरी पानं

स्वयंपाक आटोपला असेल तर बसा, नसला तर चुलीपाशी बसूनच ऐका.

इतिहास म्हटलं की आपल्याला राजे, लढाया आणि सनावळ्या आठवतात. आज आपण ज्या इतिहासाबद्दल बोलणार आहोत तो तुम्ही-आम्ही स्वतः भोगलेला आहे. कोरोनाच्या टाळेबंदीचे पहिले दोन-अडीच महिने. काही वर्षं झाली, तेवढ्यात आपण तो विसरायलाही लागलो.

बँकेला जुने कागद हवे होते म्हणून मागे आम्ही बचत गटाचं दप्तर उघडलं. ठरावाची वही चाळत होतो. ११ मार्च २०२० ची बैठक सापडली. गटात बारा जणी. हजर आठ, ऊसतोडीला गेलेल्या चार. आदल्या दिवशी धूळवड झाली होती. शेळी घेण्यासाठी एकीला कर्ज द्यायचा ठराव झाला, सह्या झाल्या, अंगठे उठले. आम्ही तो ठराव करत होतो त्याच दिवशी जागतिक आरोग्य संघटनेनं कोरोना ही जगभरची महासाथ असल्याचं जाहीर केलं होतं. आम्हाला त्याचा पत्ता नव्हता.

पुढच्या पानावर वर नुसती तारीख : ११ एप्रिल २०२०. खाली काही नाही. त्याच्या पुढच्या पानावर ११ मे २०२०. तेही कोरं. सचिव ताईंनी नंतर भरू म्हणून पानं सोडली होती, ती तशीच राहिली. आमची नातवंडं उद्या ही वही उघडतील तेव्हा म्हणतील, या दोन महिन्यांत बायांनी काहीच केलं नाही.

खरं काय झालं होतं, ते आज आठवून बघू.

पाडव्याच्या दिवशी दार बंद

राज्यातले पहिले रुग्ण पुण्यात ९ मार्चला सापडले. १३ मार्चला राज्य सरकारनं साथरोगाचा कायदा लागू केला. परदेशातून आलेल्या माणसांच्या डाव्या हातावर शिक्का मारून त्यांना घरात बसवायला लागले. शाळा बंद झाल्या. दहावीच्या पोरांचा भूगोलाचा एकच पेपर राहिला होता, तो आधी पुढे ढकलला आणि नंतर रद्दच झाला. २२ मार्चच्या रविवारी जनता कर्फ्यू झाला. संध्याकाळी पाच वाजता सगळ्यांनी थाळ्या वाजवल्या, आपणही वाजवल्या. पोरांना ती गंमत वाटली. दुसऱ्या दिवशी राज्यात संचारबंदी लागली आणि जिल्ह्यांच्या हद्दी बंद झाल्या. २४ मार्चला रात्री आठ वाजता पंतप्रधान टीव्हीवर बोलले आणि त्या मध्यरात्रीपासून सगळा देश २१ दिवसांसाठी बंद झाला.

दुसरा दिवस गुढीपाडव्याचा. साखरेच्या गाठी आधी आणल्या होत्या त्यांच्या गुढीला गाठी, बाकीच्यांची गुढी तशीच. नव्या वर्षाचा पहिला दिवस आणि रस्त्यावर चिटपाखरू नाही.

लाकडाऊन हा शब्द आपण तेव्हाच शिकलो. क्वारंटाईनचं कुणी कोरंटीन केलं, कुणी कोरंटी. शब्द वाकडा झाला तरी अर्थ नीट कळला होता. घरात राहायचं, कुणाला शिवायचं नाही, कुणाकडं जायचं नाही.

पण घरात राहा म्हणणाऱ्यानं आपलं घर बघितलं होतं का? दोन खोल्या, सात माणसं. एरवी पुरुष पारावर, पोरं शाळेत, म्हातारी देवळाच्या ओट्यावर, तेव्हा ते घर पुरायचं. आता सगळे चोवीस तास आत. चहा दोनाचा चार वेळा झाला. पोरांचं शाळेतलं दुपारचं जेवण बंद झालं, म्हणजे आपल्या तव्यावर तेवढ्या भाकरी वाढल्या. दूरदर्शनवर २८ मार्चपासून रामायण पुन्हा सुरू झालं. ते बघायला सगळे बसायचे, आणि आपण त्या वेळात भांडी घासायचो.

आता पाण्याचं बघा. वीस सेकंद साबणानं हात धुवा, असं फोन लावला की आधी तेच ऐकू यायचं. एका वेळेला अर्धा तांब्या पाणी धरा. सात माणसं, दिवसातून आठ वेळा. अठ्ठावीस तांबे झाले, म्हणजे जास्तीचे दोन हंडे. एप्रिल महिन्यात, आपल्या डोंगरपट्ट्यात, ते दोन हंडे कुणी आणले? कुठल्याही सरकारी कागदात त्यांचा हिशेब नाही. आपल्या मानेला आणि कमरेला मात्र तो ठाऊक आहे.

आठवडी बाजार बंद झाला आणि आपल्या हातातला पैसा थांबला. अंडी, शेपू-मेथीच्या जुड्या, चार वांगी विकून तेल-मीठ आणणाऱ्या आपण. कोंबडीनं कोरोना होतो अशी अफवा फेब्रुवारीतच उठली होती, त्यामुळे कोंबड्यांचा भाव आधीच गेला होता. शेतीच्या कामाला २७ मार्चला सूट मिळाली खरी, पण माल तोडून न्यायचा कुठं? पिकलेले टोमॅटो बांधावर टाकताना आपण बघितले.

आणखी एक गोष्ट, जी बाया आजही मोठ्यानं बोलत नाहीत. पाळीचे पॅड. अत्यावश्यक वस्तूंच्या पहिल्या यादीत त्यांचं नावच नव्हतं. २९ मार्चला केंद्राच्या गृहसचिवांना पत्र काढून सांगावं लागलं की साबणासारखेच पॅडही गरजेचे आहेत. यादी करणाऱ्याला आठवायला पाच दिवस लागले. तेवढ्यात आपल्या पोरींनी पुन्हा जुन्या लुगड्याच्या घड्या काढल्या होत्या.

पाचशे रुपयांची रांग

सरकारची मदत आली. नाही आली असं म्हणणं खोटं ठरेल. २६ मार्चला जाहीर झालं की जनधन खातं असलेल्या बाईला तीन महिने दरमहा ५०० रुपये, रेशनवर माणशी पाच किलो धान्य फुकट, उज्ज्वलाचे तीन सिलिंडर फुकट. बँकेत गर्दी नको म्हणून ३ एप्रिलपासून खाते क्रमांकाच्या शेवटच्या आकड्याप्रमाणे पैसे सोडले. शेवटी शून्य किंवा एक असेल त्यांचे पहिल्या दिवशी, मग दोन-तीन, असं करत करत.

पण लगेच अफवा उठली की पैसे उचलले नाहीत तर सरकार परत घेणार. मग काय, आकडा कुठलाही असो, सगळ्या बँकेच्या दारात. एसटी बंद, जीप बंद. आम्ही काही जणी सहा किलोमीटर चालत गेलो. चुन्याच्या वर्तुळात उन्हात उभं राहायचं, वर्तुळ सोडलं की पोलीस दंडुका आपटायचे. एकीचं जनधन खातं नव्हतंच, साधं खातं होतं. ती रिकाम्या हातानं परतली. मदत खात्याला मिळते, गरजेला मिळत नाही, हे त्या दिवशी कळलं.

कर्जाच्या हप्त्यांना रिझर्व्ह बँकेनं मार्च ते मे अशी तीन महिन्यांची सवलत दिली. सवलत म्हणजे माफी नव्हे. व्याज चालूच होतं. ते आपल्याला जूनमध्ये कळलं. तेव्हा आपल्याला कुणी नीट समजावून सांगितलं असतं, तर ज्यांना जमत होतं त्यांनी भरून टाकलं असतं.

आजी म्हणाल्या, आमच्यात उलटं होतं

त्या दिवसांत आमच्या गल्लीतल्या एका आजींनी दारात बसून एक गोष्ट सांगितली. “माझी सासू सांगायची, पिलेग आला की घरात उंदीर पडायचा. उंदीर पडला की गाव उठायचं. रानात झोपड्या घालून राहायचं. घर सोडलं तर जगायचं. तुमच्यात उलटं आलंय बायांनो. तुम्हाला घरातच कोंडलंय.”

आजींची गोष्ट आणि टाळेबंदी, दोन्ही एका धाग्यानं बांधलेल्या आहेत. सप्टेंबर १८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात प्लेगचे रोगी सापडले. तो प्लेगच आहे हे ओळखलं डॉक्टर अकासियो व्हिएगस यांनी, ते मूळचे गोव्याचे. पुढच्याच फेब्रुवारीत इंग्रज सरकारनं एक कायदा केला, जेमतेम चार कलमांचा : साथरोग कायदा, १८९७. मार्च २०२० मध्ये आपल्यावर लागू झाला तो हाच. सव्वाशे वर्षांपूर्वीचा.

त्या कायद्यात साथ रोखण्यासाठी सरकार काय काय करू शकतं ते आहे. प्रवाशांना अडवायचं, तपासायचं, वेगळं ठेवायचं, हुकूम मोडला तर शिक्षा. पण बंद केलेल्या माणसाच्या घरी धान्य कोण देईल, बुडालेल्या मजुरीचं काय, अंगावर पिणारं लेकरू असलेल्या बाईला वेगळं कसं ठेवायचं, यावर त्या मूळ कायद्यात एक ओळही नाही. एप्रिल २०२० मध्ये त्यात दुरुस्ती झाली ती आरोग्य कर्मचाऱ्यांवर हल्ला करणाऱ्याला शिक्षा व्हावी म्हणून. ती हवीच होती. पण धान्याची आणि मजुरीची ओळ तेव्हाही आली नाही.

१८९७ मध्ये पुण्यात रँड साहेबाच्या हाताखाली गोरे शिपाई घराघरांत शिरले. चुलीपर्यंत, देवघरापर्यंत. रोगी दवाखान्यात, घरचे छावणीत, सामान बाहेर. बायांना परक्या पुरुषांसमोर उभं करून तपासलं, त्याचा संताप सगळ्या शहरात पेटला. २२ जूनला चापेकर बंधूंनी रँडवर गोळी झाडली. हे आपल्या पोरांच्या पुस्तकात आहे.

पण त्याच साथीत बाया काय करत होत्या? पंडिता रमाबाईंनी प्लेगच्या दवाखान्यात बायांचे होणारे हाल वर्तमानपत्रात लिहून सरकारला जाब विचारला. आणि सावित्रीबाई फुले. त्यांचा मुलगा डॉक्टर यशवंत यानं पुण्याजवळ माळावर रोग्यांसाठी दवाखाना घातला होता. सावित्रीबाई तेव्हा साठी ओलांडलेल्या. मुंढव्याचं एक आजारी पोर त्यांनी पाठीवर घेऊन दवाखान्यात पोचवलं, असं सांगतात. रोग्यांची सेवा करता करता त्यांनाच प्लेग झाला आणि १० मार्च १८९७ ला त्या गेल्या.

सावित्रीबाईंचं नाव राहिलं, कारण त्या सावित्रीबाई होत्या. पण माळावरच्या त्या झोपड्यांत चूल कुणी मांडली? पाणी कुठून आणलं? १९१८ मध्ये इन्फ्लूएंझा आला, आपले जुने लोक त्याला मानमोडी म्हणायचे. त्या साथीत आपल्या देशात पुरुषांपेक्षा बाया जास्त दगावल्या, कारण अंगात ताप असताना दुसऱ्या तापलेल्याच्या उशाशी बसायचं काम बायांचंच होतं. त्यांची नावं कुठंच नाहीत. हुकूम लिहून ठेवलेला असतो. तो ज्यांनी निभावून नेला त्या बायांबद्दल कुणी लिहीत नाही. आमच्या वहीतली दोन कोरी पानं बघून आमच्या पोटात कालवलं ते यासाठी.

दाराआड आणि दाराबाहेर

एकटेपणाचंही बोलू. माणसांनी भरलेल्या घरात बाई एकटी असू शकते, हे आपल्याला सांगायला नको. पाणवठ्यावर, गिरणीत, बैठकीत आपण चार शब्द बोलतो आणि हलक्या होतो. ती सगळी ठिकाणं बंद झाली. माहेर सात कोसांवर, पण मधे जिल्ह्याची हद्द. आमच्यातल्या एकीचे वडील वारले तेव्हा अंत्यविधीला वीसच माणसं चालतील असा नियम होता. तिनं बापाचं तोंड शेवटचं बघितलं ते भावाच्या मोबाईलवर.

काही घरांत कोंडलेला राग बाईवर निघाला. राष्ट्रीय महिला आयोगाकडे त्या दिवसांत मारहाणीच्या तक्रारी वाढल्या, आणि त्याही बहुतेक ईमेलवरून आल्या. आयोगाच्या अध्यक्षांनी तेव्हाच सांगितलं की गरीब बाया टपालानं लिहितात आणि टपाल बंद आहे, म्हणजे खरा आकडा मोठा असणार. आपल्या गावाची तर गोष्टच वेगळी. फोन घरात एक, तोही नवऱ्याच्या खिशात. तक्रार करायची कशी आणि कुणाच्या देखत? उलट काही जणींनी असंही सांगितलं की दारूची दुकानं बंद होती तेवढे दिवस घर शांत होतं, आणि ४ मेला ती उघडली तसा पुन्हा आरडाओरडा सुरू झाला. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत.

आशाताई त्या दिवसांत घरोघर फिरत होत्या. कुणाला ताप आहे, कोण बाहेरगावाहून आलं, लिहून घेत होत्या. महिन्याला हजार रुपये जादा, तोंडाला घरी शिवलेला मास्क. त्यांना काही दारांत पाणीसुद्धा मिळालं नाही. गटांनी मास्क शिवले, त्याचे फोटो छापून आले. आशाताईला दारातून परत पाठवल्याचा फोटो कुणी काढला नाही.

आता जे सांगायला जड जातं ते सांगतो.

आमच्या गटातल्या चौघी ऊसतोडीला पश्चिम महाराष्ट्रात होत्या. साखर कारखाने बंद नव्हते. आपल्याला घरात राहा सांगत होते तेव्हा त्या पहाटे चारला फडात मोळ्या बांधत होत्या. त्यांचं घर म्हणजे पाचटाची कोपी. एकाला एक लागून शंभर कोप्या, पाण्याला एक नळ. अंतर कुठं ठेवायचं? फड संपले तरी हद्दी बंद, मुकादम फोन उचलेना. सरकारनं १७ एप्रिलला परवानगी दिली तेव्हा राज्यभरात एक लाखाहून जास्त ऊसतोड मजूर असे अडकलेले होते.

त्या गावाकडं निघाल्या आणि गावानं काय केलं? रस्त्यावर बाभळीच्या काट्या टाकल्या. त्या काट्या टाकणाऱ्यांत आमचे नवरे होते, दीर होते. आणि आम्ही काय, दारात उभ्या राहून बघत होतो. “लेकराबाळांचं घर आहे, रोग नको,” असं आम्हीही म्हणालो. त्यांना चौदा दिवस शाळेत ठेवलं. एकीच्या अंगावर सात महिन्यांची पोर होती. शाळेतल्या नळाला दोन दिवसांनी पाणी यायचं. आमच्यातल्या एकीनं लपून शाळेजवळच्या पुलावर भाकरी आणि दुधाचा तांब्या ठेवायला सुरुवात केली. तिसऱ्या दिवशी दुसरी गेली, मग आम्ही पाळ्या लावल्या. पण पहिले दोन दिवस आम्ही गेलो नाही, हेही खरं.

त्याच काळात, ८ मेच्या पहाटे, जालन्याहून रुळावरून चालत भुसावळकडे निघालेले मध्य प्रदेशातले सोळा मजूर करमाडजवळ मालगाडीखाली गेले. गाड्या बंद आहेत समजून थकून रुळावर निजले होते. रुळावर पडलेल्या त्यांच्या चपात्यांचा फोटो आपण सगळ्यांनी पाहिला आणि हळहळलो. आपल्याच गावच्या बाया शाळेत होत्या, तेव्हा इतकं हळहळायला आपल्याला सुचलं नव्हतं.

११ जूनला बैठक झाली. वहीत लिहिलंय : हजर अकरा, गैरहजर एक, नियमाप्रमाणे दंड १० रुपये. ती गैरहजर म्हणजे सात महिन्यांच्या पोरीची आई. ती का आली नाही हे कुणी विचारलं नाही. दंड मात्र लावला. पुढं दोन महिन्यांनी तिनं तो भरलाही, काही न बोलता.

दप्तर काढलं त्या दिवशी हे पान वाचल्यावर आम्ही कितीतरी वेळ गप्प होतो. मग तिच्या घरी गेलो. “वहिनी, आमचं चुकलं,” एवढंच म्हणता आलं. ती म्हणाली, “पुलावरचा तांब्या कुणाचा होता ते मला पहिल्या दिवशीच कळलं होतं. बाकीच्यांचं दुसऱ्या आठवड्यात कळलं. बसा, चहा करते.”

गेल्या बैठकीत आम्ही ठराव केला. तिचे दहा रुपये परत दिले आणि दंड का रद्द केला ते कारणासह लिहिलं. आणि ती दोन कोरी पानं भरायला घेतली. प्रत्येकीनं दोन-तीन वाक्यं सांगायची, सचिव ताईंनी लिहायची. जास्तीचे दोन हंडे लिहिले. बँकेची सहा किलोमीटरची चाल लिहिली. मोबाईलवर बघितलेला बाप लिहिला. बाभळीच्या काट्याही लिहिल्या. दोन पानं पुरली नाहीत, मागं जादा कागद जोडावे लागले.

तुमच्या गटाची वहीही एकदा काढून बघा. एप्रिल आणि मे २०२० ची पानं कोरी असतील तर पुढच्या बैठकीत आधी हे चार प्रश्न विचारा. घरात खाणारी तोंडं किती होती आणि धान्य कुठून आलं? पाणी कुणी आणलं? कुणाला भेटता आलं नाही? आणि आपल्या गावानं कुणाला वेशीबाहेर ठेवलं होतं? शेवटच्या प्रश्नाला सगळ्या गप्प झाल्या तर घाई करू नका, थोडं थांबा. कुणीतरी बोलेल.

लिहून झालं की एक प्रत रेडिओ केंद्रावर पाठवा, तुमच्या संमतीनं आणि नावं न घेता आपण ती वाचून दाखवू. पुढच्या आठवड्यात याच वेळेला भेटू. राम राम.